सात अक्षरांचा पत्ता : मायक्रोआरएनए घडतात कसे आणि जनुकांना आवरतात कसे

स्पेनमधल्या दोन कुटुंबांत बहिरेपण वारशाने चालत आले होते. लहानपणी ऐकू येई, पुढे मात्र वर्षागणिक ऐकणे उतरत जाई. आई किंवा वडील यांपैकी एकाकडूनच दोष आला तरी तो पुरेसा होता. 2009 साली माद्रिदच्या संशोधकांनी त्याची जागा शोधून काढली : सातव्या गुणसूत्रावरचे डीएनएचे एक अक्षर. एका कुटुंबात ‘जी’च्या जागी ‘ए’ आले होते, दुसऱ्यात त्याला लागून असलेल्या ‘सी’च्या जागी ‘ए’. माणसाच्या जनुकसंचाचा मजकूर तीन अब्जांहून जास्त अक्षरांचा आहे आणि त्यातले हे एकच अक्षर.

नवल अक्षर बदलल्याचे नव्हते. एका अक्षराच्या चुकीने प्रथिन बिघडते आणि रोग होतो, हे आपल्या विदर्भातल्या आणि नंदुरबारच्या सिकल सेल रुग्णांच्या घरीही माहीत असते. पण इथे बिघडायला प्रथिनच नव्हते. ज्या जनुकात हा बदल झाला होता त्यापासून प्रथिन बनतच नाही. बनतो तो आरएनएचा जेमतेम 23 अक्षरांचा एक तुकडा. त्याचे नाव मिर-96. आणि दोन्ही कुटुंबांतला बदल त्या तेवीस अक्षरांतल्या पाचव्या आणि सहाव्या जागेवरच होता. ही जागा योगायोगाची नाही. ती तशी का, हे कळले की मायक्रोआरएनए नावाचे बरेचसे प्रकरण उलगडते. त्यासाठी तो घडतो कसा, हे आधी पाहू.

शाळेतली एक गोष्ट आठवावी लागेल. जनुकाचा मजकूर डीएनएमध्ये असतो. त्याची आरएनएमध्ये नक्कल निघते, ती संदेशवाहक आरएनए किंवा एमआरएनए म्हणून केंद्रकाबाहेर पेशीद्रवात येते आणि तिथे रायबोसोम ती वाचून प्रथिन बनवतात. यकृताची पेशी आणि मेंदूची पेशी यांच्यातला डीएनए एकच. कोणत्या जनुकाच्या नकला किती निघतात आणि त्यांपासून प्रथिन किती बनते, यात फरक. यालाच जनुकांची अभिव्यक्ती म्हणतात. नक्कल काढायची की नाही हे ठरवणारी प्रथिने शास्त्रज्ञांना 1960च्या दशकापासून परिचयाची होती. नक्कल निघाल्यानंतर, प्रथिन बनण्याआधी कोणीतरी मध्ये येत असेल आणि तो कोणीतरी स्वतःही आरएनएच असेल, हे मात्र फारसे कोणाच्या ध्यानीमनी नव्हते.

आधी कृमी

ते कळले एका कृमीमुळे. सीनोरॅब्डायटिस एलेगन्स हा मातीत राहणारा, एक मिलिमीटर लांबीचा, पारदर्शक सूत्रकृमी. प्रजननपेशी सोडल्या तर प्रौढ उभयलिंगी कृमीच्या शरीरात 959 पेशी असतात आणि त्यांतली प्रत्येक कधी, कोणापासून जन्मते याची वंशावळ हाताशी आहे. शरीर घडण्याचे वेळापत्रक अभ्यासायला इतका सोयीचा प्राणी दुसरा नाही. 1980च्या दशकात अमेरिकेतल्या एमआयटीमध्ये, रॉबर्ट हॉर्विट्झ यांच्या प्रयोगशाळेत, व्हिक्टर अँब्रोस आणि गॅरी रुवकुन हे दोघे तरुण संशोधक वेळापत्रक बिघडलेल्या कृमींच्या मागे लागले. लिन-4 हे जनुक बिघडले की कृमी पहिल्या अवस्थेतल्याच पायऱ्या पुन्हा पुन्हा गिरवत राही. लिन-14 बिघडले की उलटे होई, त्याच पायऱ्या गाळल्या जात. म्हणजे निरोगी कृमीत लिन-4 हे लिन-14ला योग्य वेळी दाबत असणार, हा तर्क झाला. दाबते कसे, हे कोडे होते.

दोघे पुढे वेगवेगळ्या ठिकाणी गेले आणि कोड्याचा एकेक अर्धा भाग घेऊन बसले. अँब्रोस यांच्याकडे रोझलिंड ली आणि रोंडा फाइनबॉम यांनी लिन-4चे जनुक शोधून काढले, तर त्यात प्रथिनाचा मजकूर सापडेना. मिळाला तो 22 अक्षरांचा एक आरएनए आणि सोबत 61 अक्षरांचा त्याचाच लांबडा भाऊ. या लांबड्या भावाकडे पुढे परत यायचे आहे. रुवकुन यांच्या गटाने दाखवले की लिन-14च्या एमआरएनएचा शेवटाकडचा, प्रथिनात न उतरणारा भाग काढून टाकला की त्यावरचा दाब जातो. 1992च्या जूनमध्ये दोन्ही बाजूंनी आपापल्याकडचा मजकूर एकमेकांना कळवला. तो शेजारी-शेजारी ठेवताच अक्षरे जुळली. लिन-14च्या त्या शेवटाकडच्या भागात लिन-4शी जोडी जमवू शकणाऱ्या सात जागा होत्या.

डिसेंबर 1993मध्ये दोन शोधनिबंध छापून आले आणि पुढची काही वर्षे जवळजवळ शांतता. कृमीतली गंमत कृमीपुरती, असा एकूण सूर. 2000 साली रुवकुन यांच्या गटाला लेट-7 हा दुसरा चिमुकला आरएनए सापडला आणि तो माशीत, माशात, कोंबडीत, माणसात तसाच्या तसा आहे हेही त्याच वर्षी दिसले. मग धावाधाव सुरू झाली. 2001च्या ऑक्टोबरमध्ये तीन गटांनी एकाच अंकात डझनावारी नवे तुकडे जाहीर केले आणि मायक्रोआरएनए हे नाव रूढ केले. अँब्रोस आणि रुवकुन यांना 2024चे वैद्यकाचे नोबेल मिळाले. पहिल्या निबंधावर पहिले नाव रोझलिंड ली यांचे होते, हेही इथे नोंदवून ठेवायला हवे.

दोन काप

आता माणसाच्या पेशीत जाऊ. मायक्रोआरएनए सुरुवातीपासून बावीस अक्षरांचा नसतो. आधी केंद्रकात आरएनए पॉलिमरेज-2 हे विकर, म्हणजे एमआरएनएच्या नकला काढणारेच एन्झाइम, एक लांबलचक नक्कल काढते. ती शेकडो, कधी हजारो अक्षरांची असते. एमआरएनएला असते तशी सुरुवातीला टोपी, शेवटी ‘ए’ अक्षरांची शेपटी, सगळे सोपस्कार होतात. कित्येक मायक्रोआरएनएंचा मजकूर तर दुसऱ्याच एखाद्या प्रथिनाच्या जनुकात, छाटून टाकल्या जाणाऱ्या भागात दडलेला असतो. काही एका रांगेत येतात. तेराव्या गुणसूत्रावर मिर-17 ते मिर-92 अशी सहा जणांची रांग एकाच नकलेत आहे.

या लांब नकलेत एक जागा अशी असते की तिथला मजकूर स्वतःवरच दुमडतो. आरएनएमध्ये ‘ए’ची जोडी ‘यू’शी आणि ‘जी’ची ‘सी’शी. एका बाजूची अक्षरे थोड्या अंतरावरच्या दुसऱ्या बाजूच्या अक्षरांशी जोड्या जमवतात आणि केसांच्या पिनेसारखा आकार तयार होतो : सुमारे 35 जोड्यांचा देठ, वर वळण, आणि देठाच्या पायथ्याशी दोन्हीकडे लोंबणारे सुटे पदर. जोड्या सगळ्या चपखल नसतात, मध्ये कुठे फुगवटे राहतात. मायक्रोआरएनए या देठाच्या दोन बाजूंपैकी एकीत लपलेला असतो. कृमीतला तो 61 अक्षरांचा भाऊ म्हणजे अशीच दुमडलेली अवस्था होती.

पहिला काप केंद्रकातच बसतो. तो घेणाऱ्या विकराचे नाव ड्रोशा. दक्षिण कोरियातल्या सोल राष्ट्रीय विद्यापीठाच्या नॅरी किम यांच्या गटाने 2003मध्ये त्याचे हे काम दाखवून दिले. ड्रोशा एकटे नसते, त्याच्याबरोबर डीजीसीआर-8 या प्रथिनाचे दोन रेणू असतात. या नावात एका आजाराची आठवण आहे. बाविसाव्या गुणसूत्राचा एक भाग गळाल्याने डायजॉर्ज सिंड्रोम होतो आणि त्या भागातले हे आठव्या क्रमांकाचे जनुक. दोघे मिळून देठाची दोन्ही टोके चाचपतात. डीजीसीआर-8 वरच्या वळणाकडे बसते, ड्रोशा पायथ्याशी, जिथे सुटे पदर संपून जोड्या सुरू होतात. तिथून वर साधारण 11 जोड्या मोजून ड्रोशा दोन्ही बाजू कापते. पेशीत दुमडलेले आरएनए उदंड असतात, त्यांतला योग्य देठ ओळखायला एवढी मोजणी पुरत नाही. म्हणून पायथ्याशी आणि वळणात ‘यूजी’सारख्या ठरावीक खुणाही असतात. काप सरळ नसतो. एका बाजूची दोन अक्षरे पुढे सुटी राहतात. ही दोन अक्षरांची शेंडी क्षुल्लक वाटते, पण पुढचा प्रत्येक टप्पा तिच्याच आधाराने चालतो.

उरलेला साठ-सत्तर अक्षरांचा दुमडलेला तुकडा एक्स्पोर्टिन-5 हे प्रथिन केंद्रकाबाहेर पोचवते. त्याविषयी जास्त सांगण्यासारखे नाही. शेंडी ओळखून ते तुकडा धरते आणि बाहेर सोडते.

पेशीद्रवात दुसरा काप. तो घेते डायसर. त्याची रचना या कामासाठीच केल्यासारखी आहे. एका टोकाला शेंडी आणि तिच्या जोडीचे टोक धरायला खोबण, आणि तिथून सुमारे 22 अक्षरांवर दोन पाती. टोक खोबणीत बसले की पाती आपोआप बावीस अक्षरांवर येतात, वेगळी मोजणी करावी लागत नाही. वरचे वळण कापून पडते आणि हातात राहतात बावीस-बावीस अक्षरांचे, एकमेकांना धरून असलेले दोन धागे.

यांतला एकच कामाचा असतो. आर्गोनॉट नावाचे प्रथिन ही जोडी आत घेते, एक धागा ठेवते आणि दुसरा सोडून देते. माणसात आर्गोनॉट चार आहेत. धागा निवडण्याची कसोटी मजेशीर आहे. ज्या धाग्याची सुरुवात सैल असते, म्हणजे तिथल्या जोड्या लवकर सुटणाऱ्या असतात आणि पहिले अक्षर ‘यू’ किंवा ‘ए’ असते, तो बहुधा राहतो. टाकलेला धागा लवकरच नष्ट होतो. पण काही देठांचे दोन्ही धागे वेगवेगळ्या पेशींत कामाला येतात, त्यामुळे त्यांना 5पी आणि 3पी अशी शेपटे लावून दोन नावे देण्याची रीत पडली आहे.

या वाटेला अपवाद आहेत. काही तुकडे जनुकातल्या छाटलेल्या भागापासून थेट तयार होतात आणि ड्रोशाला वळसा घालून जातात. लाल रक्तपेशींच्या घडणीत लागणाऱ्या मिर-451चा देठ तर इतका आखूड की डायसरच्या पात्यांपर्यंत पोचतच नाही. त्याला आर्गोनॉट-2 स्वतःच कापते. नियम सांगितल्याबरोबर त्याला फाटा देणारा कोणीतरी भेटतोच, जीवशास्त्राची ही खोड जुनी आहे.

पत्ता

आर्गोनॉटमध्ये बसल्यावर या तुकड्याची सगळी अक्षरे सारख्या मोलाची राहत नाहीत. पहिले अक्षर प्रथिनाच्या एका खोबणीत घट्ट रोवले जाते, त्यामुळे ते जोडी जमवायला मोकळे नसते. दुसऱ्यापासून पुढची काही अक्षरे मात्र आर्गोनॉट अशी मांडून धरते की समोर जुळणारा मजकूर आला की ती लगेच चिकटावीत. दोन ते आठ या क्रमांकांच्या सात अक्षरांना बीज म्हणतात. उरलेली अक्षरे कधी मदत करतात, कधी नुसती असतात. कोणत्या एमआरएनएला धरायचे हे मुख्यतः बीज ठरवते.

मिर-96 घेऊ. त्याची सुरुवात यू-यू-यू-जी-जी-सी-ए-सी-यू अशी. पहिले यू खोबणीत गेले, बीज उरले यू-यू-जी-जी-सी-ए-सी. याच्याशी जोडी जमते जी-यू-जी-सी-सी-ए-ए या मजकुराची, कारण आरएनएचे दोन धागे उलट दिशांनी जुळतात. कानातल्या, आवाज टिपणाऱ्या केशपेशींच्या एखाद्या एमआरएनएच्या शेवटाकडच्या भागात हा मजकूर असेल तर मिर-96 तिथे बसेल. पिनकोडचा एक आकडा चुकला की पत्र भलत्याच गावाला जाते, तसेच इथे होते. पाचवे किंवा सहावे अक्षर बदलले की जुने पत्ते सुटतात आणि नवे, नको असलेले लागतात. फरक एवढाच की पिनकोड एका टपाल कार्यालयाचा असतो, बीजाचे पत्ते शेकडो. त्यामुळे त्या कुटुंबांत एक काम बंद पडले असे झाले नाही. कितीतरी एमआरएनएंवरचा आवर एकाच वेळी सुटला. त्याच वर्षी उंदरातही मिर-96च्या बीजातला असाच एक बदल आणि त्यामुळे येणारे बहिरेपण सापडले.

आता मागच्या दोन कापांकडे वळून पाहा. ड्रोशाने पायथ्यापासून अकराऐवजी बारा जोड्या मोजल्या तर काय होईल? मिर-96 देठाच्या ज्या बाजूला आहे तिथे त्याची सुरुवात ड्रोशाच ठरवते. एक अक्षर जास्त कापले तर तुकडा दुसऱ्या यूपासून सुरू होईल, बीज होईल यू-जी-जी-सी-ए-सी-यू आणि ते एका वेगळ्याच मजकुराशी जुळेल. डीएनएमध्ये काहीही न बदलता पत्ता बदलला. देठाच्या दुसऱ्या बाजूला असलेल्या मायक्रोआरएनएंची सुरुवात डायसर ठरवते, म्हणजे तिथे हीच जबाबदारी डायसरवर. खोबणी, खुणा, शेंडी, मोजपट्टी हा सगळा खटाटोप मुख्यतः एका गोष्टीसाठी आहे : पहिले अक्षर कोणते, हे पक्के व्हावे. लेखांत नेहमी ‘बावीस अक्षरांचा रेणू’ असे कौतुक असते. माझ्या मते कौतुक बावीसचे नाही, सुरुवात नेमकी कुठून होते याचे आहे.

सात अक्षरांचा पत्ता आखूड आहे, हे खरे. चार अक्षरांपासून सात जागांचे 16,384 शब्द होतात; म्हणजे कोणताही सप्ताक्षरी शब्द केवळ योगायोगाने दर सोळा हजार अक्षरांमागे एकदा भेटणार. मग खरा पत्ता कोणता आणि योगायोग कोणता? एक उपाय असा की माणूस, उंदीर, कुत्रा, कोंबडी यांचे मजकूर शेजारी ठेवायचे. कोट्यवधी वर्षांत आजूबाजूची अक्षरे बदलली आणि ही सातच टिकली असतील तर ती कोणीतरी जपली आहेत. अमेरिकेतले संशोधक डेव्हिड बार्टेल यांच्या गटाने 2009मध्ये असा हिशेब मांडला तेव्हा माणसाच्या प्रथिने बनवणाऱ्या जनुकांपैकी निम्म्याहून बऱ्याच जास्त, 60 टक्क्यांच्या वर, जनुकांत असे जपलेले पत्ते निघाले.

खुद्द मायक्रोआरएनए किती, यावर मात्र एकमत नाही. सर्वांत वापरात असलेल्या नोंदवहीत माणसाचे 1,900हून अधिक देठ नोंदले आहेत. घडण नियमानुसार झाल्याचा पुरावा मागणाऱ्या कडक याद्यांत ही संख्या साडेपाचशेच्या आसपास येते. एखाद्या बातमीत ‘माणसात अडीच हजार मायक्रोआरएनए’ असे वाचलेत तर ती पहिल्या नोंदवहीची, दोन्ही धागे वेगवेगळे मोजलेली बेरीज आहे, एवढे लक्षात ठेवा.

आवर किती

पत्ता जुळला. पुढे काय? वनस्पतींमध्ये बहुधा पूर्ण जुळणी असते आणि आर्गोनॉट एमआरएनए मधोमध कापून टाकते. माणसात अशी पूर्ण जुळणी विरळा. मिर-196 आणि शरीराची मांडणी ठरवणाऱ्या जनुकांपैकी एक, हॉक्सबी-8, यांची जोडी हे त्याचे गाजलेले उदाहरण. एरवी फक्त बीज जुळते, मधला भाग जुळत नाही आणि काप बसत नाही. मग आर्गोनॉट दुसऱ्यांना बोलावते.

पहिले येते जीडब्ल्यू-182. हे प्रथिन आधी ओळखले गेले ते चेताविकार झालेल्या एका रुग्णाच्या रक्तातल्या, स्वतःच्याच प्रथिनांवर उलटलेल्या प्रतिपिंडांमुळे. मायक्रोआरएनएशी त्याचा संबंध नंतर कळला. ते एका हाताने आर्गोनॉटला धरते आणि दुसऱ्या हाताने शेपटी खुडणाऱ्या विकरांना ओढून आणते. एमआरएनएची ‘ए’ची शेपटी ही त्याच्या आयुष्याची दोरी असते. शेपटीवर बसलेली प्रथिने सुरुवातीच्या टोपीकडच्या प्रथिनांशी जोडलेली असतात आणि त्यामुळे रायबोसोमही पुन्हा पुन्हा येत राहतात. सीसीआर4-नॉट या नावाचा विकरांचा गट शेपटी आखूड करत नेतो. ती आखूड झाली की टोपी उडवली जाते, आणि उघड्या पडलेल्या टोकाकडून एक्सआरएन-1 हे विकर सगळा धागा फस्त करते. या दरम्यान रायबोसोमचे येणेही अडवले जाते. यांतले काय महत्त्वाचे, यावर बराच वाद झाला. 2010 साली सस्तन प्राण्यांच्या पेशींत केलेल्या मोजमापात दिसले की घटीचा बहुतेक वाटा, 84 टक्के किंवा जास्त, एमआरएनए नष्ट होण्यातूनच येतो.

आणि एवढे सगळे होऊन घट किती? इथे बहुतेक लोकप्रिय लेख घसरतात. ‘मायक्रोआरएनए जनुक बंद करतो’ असे वाक्य तुम्ही वाचले असेल. सहसा तो बंद करत नाही. 2008 साली दोन गटांनी एकेक मायक्रोआरएनए पेशीत घालून किंवा काढून हजारो प्रथिने मोजली. बदल दिसले ते पुष्कळ प्रथिनांत, पण प्रत्येकात थोडे, निम्म्याच्या आतले. एकाच एमआरएनएवर तीन-चार मायक्रोआरएनएंचे पत्ते असतील तर परिणाम साठत जातो. तुकडा मुबलक आहे की नाही, यावरही बरेच अवलंबून. यकृतातल्या मिर-122चे एका पेशीत 50 हजारांहून अधिक रेणू असतात, तो जाणवणारच. पेशीत चार-दोन रेणू असलेला मायक्रोआरएनए कागदावर कितीही पत्त्यांशी जुळो, त्याने फारसे काही होत नाही.

मग इतक्या हलक्या आवराने शरीर कसे घडते? 2005 साली एक प्रयोग झाला. मेंदूत भरपूर असणारा मिर-124 कर्करोगाच्या पेशींत घातला, तर शंभराच्या वर एमआरएनए उतरले आणि त्या पेशीचे एकूण चित्र मेंदूच्या चित्राकडे सरकले. पेशी चेतापेशी झाली नाही. पण चेतापेशीत नको असलेल्या गोष्टींचा उरलासुरला कचरा आवरणे हे मिर-124चे काम असावे, असा त्याचा अर्थ लागतो. मुख्य निर्णय दुसरेच घेतात. मायक्रोआरएनए त्याला टोक आणतात आणि अधूनमधून होणारे चढउतार दाबून धरतात. म्हणूनच प्रयोगशाळेत एकेक मायक्रोआरएनए काढून टाकलेले कित्येक कृमी ठणठणीत दिसतात आणि डायसरच काढून टाकलेला उंदराचा गर्भ मात्र जगत नाही.

घडणीवरच लगाम

मायक्रोआरएनए जनुकांना आवरतात, तर त्यांना कोण आवरते? उत्तम उदाहरण लेट-7चेच. गर्भाच्या मूलपेशींत त्याची लांब नक्कल निघते, पण पूर्ण तुकडा जवळजवळ सापडत नाही. कारण तिथे लिन-28 नावाचे प्रथिन असते. ते लेट-7च्या देठावरच्या वळणाला चिकटते आणि त्याच्या सांगण्यावरून एक विकर तुकड्याच्या शेवटी ‘यू’ अक्षरांची माळ लावते. ही माळ लागली की डायसर त्याला हात लावत नाही आणि दुसरे विकर तो खाऊन टाकते. पेशी मोठ्या होऊन आपापल्या कामाला लागल्या की लिन-28 कमी होते आणि लेट-7 वाढतो. पुढची मेख अशी की लिन-28च्या एमआरएनएवर लेट-7चाच पत्ता आहे. म्हणजे दोघे एकमेकांना दाबतात. एकदा पारडे झुकले की परत येणे अवघड. लिन-28 हे नावही कृमींच्या त्याच वेळापत्रकाच्या अभ्यासातून आले आहे. आणि माणसात? 2009 साली हजारो स्त्रियांच्या जनुकीय तपासणीत, पहिली पाळी कोणत्या वयात येते याच्याशी संबंध असलेली जागा सापडली, ती लिन-28बी या जनुकाजवळ. कृमीतले वेळापत्रक आणि माणसातले वेळापत्रक यांत हा एक दुवा राहिला आहे.

पूर्ण झालेला मायक्रोआरएनए आर्गोनॉटच्या आत सुरक्षित असतो, कित्येकदा दिवसेंदिवस टिकतो. त्याला हटवण्याची एक वाट अलीकडे उलगडली. एखादा आरएनए बीजाबरोबरच शेवटाकडेही भरपूर जुळला, तर पेशी उलट आर्गोनॉटलाच नष्ट करायला पाठवते आणि उघडा पडलेला मायक्रोआरएनए संपतो. ज्याला आवरायचे त्यानेच आवरणाऱ्याला संपवावे, असा हा प्रकार. त्यातले झेडस्विम-8 हे प्रथिन 2020मध्ये ओळखले गेले.

बिघाड आणि औषधे

कर्करोगाशी संबंध पहिल्यांदा दिसला 2002 साली. क्रॉनिक लिम्फोसायटिक ल्युकेमिया या रक्ताच्या कर्करोगात तेराव्या गुणसूत्राचा एक तुकडा निम्म्याहून अधिक रुग्णांत गळालेला असतो. तिथे कर्करोग रोखणारे प्रथिनाचे जनुक असणार म्हणून कित्येक वर्षे शोध चालला होता. सापडले मिर-15 आणि मिर-16. पेशीचे मरण टाळणाऱ्या बीसीएल-2 या प्रथिनावर हे दोघे आवर ठेवतात, ते गेले की पेशी मरायच्या थांबतात. डायसरच्या जनुकातल्या दोषाने लहान मुलांत फुप्फुसाची एक दुर्मीळ गाठ होते, हे 2009मध्ये कळले.

औषधांची कथा सरळ नाही. हिपॅटायटिस-सीचा विषाणू यकृतातल्या मिर-122चा उलटाच उपयोग करून घेतो. विषाणूच्या आरएनएच्या सुरुवातीला मिर-122चे दोन पत्ते आहेत. तो तिथे जाऊन बसला की आवर घालण्याऐवजी विषाणूचे उघडे टोक झाकले जाते आणि पेशीतल्या विकरांपासून ते वाचते. मग मिर-122लाच अडवायचे, या विचाराने मिराव्हिरसेन हे इंजेक्शन बनले. 2013 साली 36 रुग्णांवरचे निकाल छापून आले आणि डोस वाढेल तसा विषाणू घटत गेला. पण त्याच वर्षाअखेर सोफॉसबुव्हिरच्या गोळीला अमेरिकेत मान्यता मिळाली, काही आठवड्यांच्या गोळ्यांनी आजार बरा होऊ लागला आणि इंजेक्शनची गरज उरली नाही. उलट दिशेचा प्रयत्न, म्हणजे कर्करोगात कमी पडलेला मिर-34 बाहेरून देण्याचा, 2016मध्ये थांबवावा लागला. काही रुग्णांत रोगप्रतिकारक यंत्रणेच्या गंभीर प्रतिक्रिया आल्या आणि मृत्यूही झाले. शेकडो पत्ते असलेली गोष्ट साऱ्या शरीरात सोडली तर काय होईल, हे आधी सांगणे कठीण असते.

यश आले ते शेजारच्या वाटेने. 1998मध्ये अँड्र्यू फायर आणि क्रेग मेलो यांनी दाखवले होते की बाहेरून दुहेरी आरएनए दिला की त्याच्याशी जुळणारे जनुक दबते. त्याचे 2006मध्ये नोबेल मिळाले. माणसात हे काम करतो तोच आर्गोनॉट. म्हणून ड्रोशा आणि डायसर यांची वाट टाळून तयार दुहेरी तुकडे पेशीला देता येतात. ते एकाच एमआरएनएशी पूर्ण जुळतील असे लिहायचे, म्हणजे आर्गोनॉट-2 तो थेट कापते. असे पहिले औषध, पॅटिसिरान, 2018मध्ये मान्य झाले. कोलेस्टेरॉल उतरवणारे इन्क्लिसिरान याच पद्धतीचे. सुरुवातीचे डोस झाले की वर्षातून दोनदा टोचायचे.

तुकडा एकाच लक्ष्यासाठी लिहिला, तरी आर्गोनॉटला ते कसे कळणार? त्याच्या लेखी हा आणखी एक मायक्रोआरएनए. दोन ते आठ अक्षरे जिथे जुळतील तिथे ते जाऊन बसते आणि भलत्याच शेकडो एमआरएनएंना थोडेथोडे उतरवते. उंदरांवरच्या चाचण्यांत काही औषधांनी यकृताला इजा झाली, तिचे कारण हेच निघाले. त्यावरचा एक उपाय असा : तुकड्याचे सातवे, म्हणजे बीजातलेच एक, अक्षर नेहमीच्या साखरेऐवजी वेगळ्या, तोकड्या सांगाड्यावर बसवायचे. त्यामुळे बीजाची पकड मुद्दाम थोडी सैल होते. नुसत्या सात अक्षरांच्या जोरावर तुकडा कुठे टिकत नाही. जिथे सगळा मजकूर जुळतो, तिथे मात्र टिकतो आणि कापतो.